दुसरा बाण

वसईजवळच्या भुईगावात 1956 साली अशोकाच्या नवव्या शिलालेखाचा एक तुकडा सापडला. त्याआधी, 1882 मध्ये, पंडित भगवानलाल इंद्रजींना सोपाऱ्यात आठव्या लेखाचा तुकडा मिळालाच होता. भुईगावचा तुकडा अपुरा आहे, पण गिरनारसारख्या ठिकाणी हा लेख जास्त शाबूत असल्याने त्यात काय म्हटले आहे ते कळते. माणसे आजारपणात, मुलामुलींच्या लग्नात, मूल जन्मल्यावर, प्रवासाला निघताना नाना तऱ्हेची मंगलकार्ये करतात, असे राजा सांगतो. तो त्यांना बंदी करत नाही. करावीत, पण त्यांचे फळ थोडे, एवढेच त्याचे म्हणणे. मोठे फळ देणारे मंगल म्हणून तो ज्या गोष्टी मोजतो त्या सगळ्या वागणुकीच्या आहेत: नोकरचाकरांशी नीट वागणे, वडीलधाऱ्यांचा मान राखणे, जिवांविषयी संयम, श्रमण-ब्राह्मणांना दान. अरिष्ट आले की माणूस देवाकडे किंवा दैवाकडे बघतो, अशोक त्याला शेजारच्या माणसाकडे बघायला सांगतो. जो आजार कधी संपणारच नाही त्याच्यासाठी तर हा सल्ला फार मोलाचा आहे, आणि आपल्या धार्मिक विचाराने तो अजून पुरता मनावर घेतलेला नाही.

आजच्या वसई-विरारमध्येही आजारपणातली मंगलकार्ये चालूच आहेत. विरारच्या जीवदानीला नवस बोलला जातो, गावोगावच्या चर्चमध्ये नोव्हेना होतात, दर्ग्यावर चादर चढते. या श्रद्धेशी माझे भांडण नाही. पण नवसाची रचनाच अशी आहे की त्याला शेवट लागतो. गुण आला की नवस फेडायचा. मधुमेह, संधिवात, दमा, अपस्मार, मूत्रपिंडाचा विकार यांत फेडण्याचा दिवस उजाडतच नाही. डॉक्टरही ‘बरे झालात’ असे म्हणत नाहीत, ‘आटोक्यात आहे’ म्हणतात. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या 2023 मध्ये प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी पाहणीनुसार मधुमेह असलेले भारतीय सुमारे 10 कोटी 10 लाख आहेत आणि प्रौढांपैकी 35.5 टक्क्यांना रक्तदाबाचा विकार आहे. इतक्या माणसांचे आयुष्य बरे होणे आणि मरणे या दोन टोकांच्या मधल्या पट्ट्यात जाते. या मधल्या पट्ट्याची दखल धर्म घेऊ शकतो, याचे एक उदाहरण वसईतल्या ख्रिस्ती घरांना ठाऊक आहे. आजाऱ्याला तेल लावून करायचा संस्कार पूर्वी मृत्यूच्या उंबरठ्यावर केला जाई, त्यामुळे धर्मगुरू दारात दिसले की घरच्यांच्या काळजात धस्स होत असे. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर, 1972 मध्ये, हा संस्कार गंभीर आजाराने ग्रासलेल्या कोणासाठीही खुला झाला. आजारी माणूस हा जगणारा माणूस आहे, ही त्यामागची समजूत होती.

दीर्घ आजाराच्या मानसिक बाजूविषयी बौद्ध परंपरेने एक अचूक भेद करून ठेवला आहे. संयुत्तनिकायात बुद्ध म्हणतो की एखाद्याला एक बाण लागावा आणि त्या जखमेशेजारीच दुसरा लागावा, तशी अजाण माणसाची गत होते. पहिला बाण शरीराच्या वेदनेचा, दुसरा त्या वेदनेवरून होणाऱ्या शोकाचा, संतापाचा, तडफडीचा. जाणत्यालाही पहिला बाण चुकत नाही, दुसरा मात्र तो लागू देत नाही. हा उपदेश आजकाल सर्रास सांगितला जातो आणि त्याचा अर्थ असा लावला जातो की दुसरा बाण आजारी माणूस स्वतःच स्वतःला मारून घेतो, तेव्हा त्याने मन घट्ट करावे म्हणजे झाले. या अर्थाला माझी हरकत आहे. दीर्घ आजाऱ्याला लागणारे दुसरे बाण बहुतेक वेळा बाहेरून येतात. ते घरातून, नात्यागोत्यातून, दवाखान्यातून, देवळातून सुटतात. आणि ते सोडणारेच पुन्हा त्याला समचित्ताचा उपदेश करतात, तेव्हा तो उपदेशही एक बाण होतो. समचित्त ही आजारी माणसाने स्वतःसाठी करायची साधना आहे, इतरांनी त्याच्याकडून वसूल करायचे कर्तव्य नव्हे. इतरांचे कर्तव्य वेगळे आणि अधिक सोपे आहे: बाण न मारणे.

हे बाण दिसायला किती साधे असतात ते पाहावे. नालासोपाऱ्यात राहणारी, मुंबईत नोकरीला जाणारी मधुमेही बाई डोळ्यांसमोर आणा. गोळी न्याहारीआधी घ्यायची आहे आणि न्याहारी तर गाडीत बसायला मिळाले तर. चार माणसांचा स्वयंपाक करून आपली भाकरी वेगळी थापायला ओट्यापाशी वेळ उरत नाही, म्हणून ती सगळ्यांसाठी केलेला भातच खाते. हळदीकुंकवाला पेढा पुढे येतो, कोणी वसईची सुकेळी आणलेली असतात. ती नको म्हणाली तर ‘एकाने काय होतंय’, आणि खाल्ले तर पुढच्या तपासणीत साखर वाढल्यावर ‘पथ्य पाळत नाही, मग दुसरं काय होणार’. आग्रह करणारे आणि बोल लावणारे तोंड पुष्कळदा एकच असते. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ विल्यम पोलोन्स्की आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1995 मध्ये मधुमेहाच्या अशा रोजच्या ताणाचे मोजमाप करणारी प्रश्नावली प्रसिद्ध केली. हा ताण म्हणजे सरसकट नैराश्य नव्हे. रोजच्या हिशेबाचा थकवा, चुकल्याची टोचणी, घरच्यांना आपले कष्ट कळत नाहीत हे दुःख आणि डॉक्टरांपुढे अपराध्यासारखे बसणे यांचा तो एकत्रित भार आहे. त्याखेरीज मधुमेह असलेल्यांत नैराश्याचे प्रमाण इतरांच्या सुमारे दुप्पट असते, असे 2001 पर्यंतच्या अभ्यासांचा एकत्रित आढावा सांगतो.

धर्माच्या भात्यातला सर्वांत जुना बाण पूर्वकर्माचा आहे. ‘मागच्या जन्मीचे भोग’, ‘कोणाचे तरी तळतळाट’ हे शब्द आजाऱ्याच्या खाटेपाशी आपल्याकडे सहज उच्चारले जातात. हा सगळ्या भारतीय परंपरेचा एकमुखी निर्णय आहे असे समजण्याचे कारण नाही. सीवक नावाचा परिव्राजक बुद्धाला विचारतो, माणूस जे जे भोगतो ते सारे पूर्वकर्मामुळेच असे काही जण म्हणतात, ते खरे का? बुद्ध आठ कारणे सांगतो: पित्त, कफ, वात, या तिन्हींचा एकत्र प्रकोप, ऋतुबदल, शरीराची हेळसांड, बाहेरून झालेला आघात, आणि कर्म. कर्म आठांपैकी एक. सगळ्याचा दोष त्याच्यावर टाकणारे अनुभवाच्याही पुढे जातात आणि लोकांना जे सत्य म्हणून ठाऊक आहे त्याच्याही, असे तो म्हणतो. वसईतले ख्रिस्ती ज्या ग्रंथाला प्रमाण मानतात त्यातही हा वाद आहे. ईयोबाचे मित्र त्याला सांगत राहतात की तुझ्या हातून पाप घडल्याशिवाय असे होणार नाही, आणि ग्रंथाच्या अखेरीस देव रागावतो तो मित्रांवर. योहानाच्या शुभवर्तमानात शिष्य जन्मांध माणसाकडे बोट दाखवून विचारतात, पाप कोणाचे, याचे की याच्या आईबापांचे? येशू दोन्ही नाकारतो. मानसशास्त्राने यात स्वतःची भर घातली आहे. केनेथ पार्गमेंट आणि सहकाऱ्यांनी 2001 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात 55 वर्षांपुढच्या 596 आजारी माणसांचा दोन वर्षे मागोवा घेतला. देवाने आपल्याला टाकले, त्याचे आपल्यावर प्रेम उरले नाही, असे ज्यांना वाटत होते त्यांच्यात मृत्यूचा धोका जास्त आढळला, आणि शरीराची व मनाची आधीची स्थिती हिशेबात धरूनही तो जास्तच राहिला. एका अभ्यासावरून कार्यकारणाचा शेवटचा शब्द सांगता येत नाही. पण शिक्षेचे तत्त्वज्ञान निरुपद्रवी आहे असे म्हणायची सोय त्याने ठेवलेली नाही.

यावर एक वजनदार आक्षेप आहे. कर्मावरच्या किंवा देवाच्या इच्छेवरच्या विश्वासाने असंख्य माणसांना आधार दिला आहे. हे निरर्थक नाही, याला काही हिशेब आहे, या भावनेने ती तग धरून राहिली आहेत. तो आधार काढून घेण्याचा अधिकार कोणाला? आक्षेप खरा आहे, आणि त्याचे उत्तर वाक्य कोण बोलते यात आहे. ‘हे माझे प्रारब्ध आहे’ असे आजारी माणूस स्वतःविषयी म्हणतो तेव्हा तो आपल्या आयुष्याला अर्थ देत असतो. ‘हे तुझे प्रारब्ध आहे’ असे निरोगी माणूस म्हणतो तेव्हा तो हात झटकत असतो. संत पौल आपल्या शरीरातल्या काट्याविषयी लिहितो, तो काढून घ्यावा म्हणून तीनदा विनवणी केल्याचे सांगतो आणि अखेर त्या काट्यासह जगण्याचा अर्थ शोधतो. पण तो लिहितो स्वतःच्या काट्याविषयी. सोपाऱ्याचा व्यापारी म्हणून बौद्ध परंपरा ज्याला ओळखते त्या पुण्णाची गोष्टही अशीच आहे. तो सुनापरान्त या प्रदेशात राहायला निघतो तेव्हा, तिथले लोक उग्र आहेत, त्यांनी शिव्या दिल्या तर काय करशील, मारले तर काय, जीव घेतला तर काय, असे बुद्ध विचारतो आणि पुण्ण प्रत्येक वेळी क्षमेचे उत्तर देतो. तो प्रसंग थोर आहे याचे कारण ती उत्तरे पुण्णाची आहेत. मारायला निघालेल्यांनी त्याला क्षमेचे प्रवचन दिले असते तर त्या गोष्टीत धर्म उरला नसता.

दुसरा आक्षेप नव्या काळाचा आहे. मन प्रसन्न ठेवले की आजार हटतो, सकारात्मक विचारांनी कॅन्सरवर मात करता येते, मग आजाऱ्याला हसतमुख राहायला सांगण्यात वावगे काय? या समजुतीची कसून तपासणी झाली आहे. डेव्हिड स्पीगेल यांच्या 1989 च्या अभ्यासात गटोपचारात भाग घेतलेल्या, स्तनांचा कॅन्सर शरीरात पसरलेल्या स्त्रिया इतरांपेक्षा सरासरी दीड वर्ष जास्त जगल्याचे दिसले आणि जगभर आशा पालवली. पण 2001 मध्ये पामेला गुडविन यांनी 235 स्त्रियांवर केलेल्या मोठ्या अभ्यासात आयुष्य वाढल्याचे आढळले नाही. जेम्स कॉइन यांनी 2007 मध्ये डोके आणि मानेच्या कॅन्सरच्या 1,093 रुग्णांची माहिती तपासली, तेव्हाही मनाच्या उभारीचा आयुष्याच्या लांबीशी संबंध दिसला नाही. याचा अर्थ मनाची काळजी व्यर्थ असा होत नाही. गुडविन यांच्याच अभ्यासात गटात बसलेल्या स्त्रियांचा मानसिक त्रास कमी झाला, वेदनाही कमी जाणवल्या, आणि आधीपासून जास्त खचलेल्यांना अधिक फायदा झाला. दुःख हलके होणे हे स्वतःच मोठे फळ आहे, त्याला दीर्घायुष्याची हमी जोडायची गरज नाही. ती जोडली की हरणाऱ्या शरीराच्या माथी कमकुवत मनाचा ठपकाही येतो. ‘तिने हिंमत सोडली म्हणून गेली’ हे वाक्य ‘तिचे भोग होते’ या वाक्याचाच नवा अवतार आहे.

तिसरा आक्षेप डॉक्टरांचा आणि घरच्यांचा. बोलायचेच नाही ठरवले तर माणूस गोळ्या सोडेल, वाटेल ते खाईल. थोडा धाक हवाच. पथ्याची हेळसांड हे आजाराचे एक कारण असू शकते, हे सीवकाला दिलेल्या यादीतही आहे, तेव्हा जबाबदारी मी नाकारत नाही. मात्र धाकाचा इतिहास चांगला नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या 2003 च्या अहवालानुसार श्रीमंत देशांतही दीर्घकालीन औषधे ठरवून दिल्याप्रमाणे घेणारे सरासरी निम्मेच असतात आणि गरीब देशांत हे प्रमाण आणखी खाली जाते. निम्मी मानवजात आळशी किंवा बेजबाबदार असू शकत नाही. अडचण औषधाच्या किमतीत, गाडीच्या वेळेत, पाळीच्या नोकरीत, घरातल्या स्वयंपाकात आणि थकलेल्या मनात आहे. ज्याला बोलणी बसतात तो सुधारण्याऐवजी लपवायला शिकतो. तपासणीच्या आधीचे चार दिवस कडक पथ्य, वहीत लिहिलेले खोटे आकडे, आणि मग दवाखान्यालाच रामराम. जबाबदारी पुढच्या गोष्टीची असते, आता काय करता येईल याची. दोष मागच्या गोष्टीचा असतो, तू काय केलेस याचा. आजारी माणसाला जबाबदारी उचलता यावी म्हणून दोषाचे ओझे आपण त्याच्या खांद्यावरून उतरवले पाहिजे.

पालघर जिल्ह्यात या सगळ्याची कठीण परीक्षा सिकलसेल घेतो. जव्हार, मोखाडा, विक्रमगडच्या आदिवासी पट्ट्यात हा रक्ताचा आनुवंशिक विकार आढळतो. तांबड्या पेशी विळ्यासारख्या वाकतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात आणि हाडासांध्यांत असह्य कळा उठतात. कळ ओसरली की माणूस वरून धडधाकट दिसतो, म्हणून शाळेत आणि कामावर त्याच्या दुखण्याला कामचुकारपणा समजले जाते. या विकारात दोषाची कल्पनाच कोलमडते. ज्या जनुकाच्या दोन प्रती आल्या की हा आजार होतो, त्याची एकच प्रत मलेरियापासून संरक्षण देते. ज्या मुलखांत पिढ्यान्‌पिढ्या मलेरिया होता तिथे ते जनुक टिकले. म्हणजे पूर्वजांना जगवणारी गोष्टच मुलाला पीडा देते. इथे पाप कोणाचे म्हणायचे? आईबाप दोघेही वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात मुलाला आजार होण्याची शक्यता चारात एक असते. तरी आजारी मूल झाले की बोल आईला लागतो. केंद्र सरकारने जुलै 2023 मध्ये सिकलसेल निर्मूलनाचे अभियान सुरू केले, त्यात तपासणी आणि कार्ड देण्यावर भर आहे. ते आवश्यकच आहे. पण ते कार्ड लग्न मोडण्याचे कारण आणि सुनेच्या पदरी बांधलेला कलंक ठरू नये, यासाठी समुपदेशन हे तपासणीइतकेच औषधाचे काम आहे.

मग आजारी माणसाने स्वतः काहीच करायचे नाही का? करायचे आहे, आणि ते अवघड आहे. म्हाताऱ्या, सतत आजारी असलेल्या नकुलपित्याला बुद्ध सांगतो की शरीर आजारी असले तरी मन आजारी होणार नाही असा अभ्यास कर. स्वतः पायाने अधू असलेला एपिक्टेटस आपल्या हातातले आणि आपल्या हाताबाहेरचे यांत रोज फरक करायला शिकवतो; आजच्या विवेकनिष्ठ मानसोपचाराचे एक मूळ तिथे आहे. ठाण्यात डॉ. आनंद नाडकर्णी यांनी 1990 मध्ये सुरू केलेल्या मानसिक आरोग्य संस्थेने ही भाषा मराठीत घरोघरी नेली. पण हा अभ्यास करायला मनाला थोडी मोकळी जागा लागते, आणि ती जागा भोवतालची माणसे देतात किंवा हिरावून घेतात. मुंबईच्या लोकलमध्ये दिव्यांगांच्या डब्यातून कॅन्सरच्या रुग्णांना प्रवासाची मुभा आहे. वरून काही दिसत नसलेल्या रुग्णाला त्या डब्यात रोज आपला आजार सिद्ध करावा लागला, तर त्याने समचित्त राहावे ही अपेक्षा कोणत्या तोंडाने करायची? सेवा करणाऱ्यांविषयीही हेच म्हटले पाहिजे. आठवड्यातून तीनदा, चार-चार तास डायलिसिसच्या खोलीबाहेर बसणाऱ्या बायकोला कधी संताप येतो, आणि त्याची तिला लाज वाटते. तो संताप म्हणजे प्रेमाचा अभाव नाही, थकवा आहे. तिला पतिव्रतेच्या कथा सांगण्यापेक्षा आठवड्यातली एक फेरी दुसऱ्या कोणी उचलणे हा खरा धर्म आहे.

धर्माचे आणि वैद्यकाचे इथले काम म्हणूनच अगदी करण्यासारखे आहे. डॉक्टरांनी साखरेचा आकडा पाहिल्यावर ‘का वाढली’ असे दरडावण्याऐवजी ‘कशामुळे कठीण जातंय’ एवढे विचारावे आणि उत्तराला दोन मिनिटे द्यावीत. कीर्तनकार, धर्मगुरू आणि मौलवींनी आजाराला शिक्षा म्हणणे व्यासपीठावरून थांबवावे, त्यासाठी त्यांच्याच ग्रंथांत भरपूर आधार आहे. भजनी मंडळांनी, पॅरिशच्या गटांनी, सोसायट्यांनी दीर्घ आजारी माणसाच्या घरी फुलांचा गुच्छ नेण्याऐवजी औषध आणण्याची, सोबत जाण्याची एक पाळी घ्यावी. ज्याला हे सगळे सहन होईनासे झाले आहे त्याने ‘टेलीमानस’च्या 14416 या विनामूल्य क्रमांकावर मराठीतून बोलावे; त्यात कमीपणा नाही. आणि आपण बाकीच्यांनी, आजाऱ्याला शहाणपण सांगण्याआधी, आपल्या तोंडून निघणारे वाक्य त्याचे दुखणे हलके करणार आहे की वाढवणार आहे एवढे पाहावे. वाढवणार असेल तर ते बोलू नये.